रामभाऊ मरतात, टेक तिसरा

मरायला रामभाऊंची ना नव्हती. वय झालंच होतं. हरकत होती ती मुलाच्या ट्रुगानिनातल्या घरी गॅरेजात मरायला. डाव्या हाताला गवत कापायचं मशीन, उजव्या हाताला सेलमध्ये घेतलेले टॉयलेट पेपरचे गठ्ठे, आणि मधे कॅम्पिंगच्या घडीच्या खाटेवर, पांढऱ्या चादरीखाली, स्वतः रामभाऊ साळवे. खडकीच्या वस्तीतली निम्मी माणसं त्यांनी आपल्या हाताने शेवटच्या वाटेला लावली होती, पण असलं बिनमानाचं मरण त्यातल्या एकालाही आलं नव्हतं.

"आबा, पोट हलतंय," दीक्षा कॅमेऱ्यामागून म्हणाली. "फ्रेममध्ये दिसतं रे."

"श्वास घेतोय मी."

"कमी घे ना."

नातीचा शब्द. रामभाऊंनी श्वास कमी घ्यायला सुरुवात केली.

तीन वर्षं दीक्षा ही फिल्म करत होती. तिचा नवरा एमरे, त्याची आजी हाजेर निने, तिच्यावर. निने म्हणजे त्यांच्यात आजीच. (त्या लग्नाच्या वेळी साळव्यांच्या घरात जे झालं ते झालं, आता दोन्हीकडची मंडळी एकमेकांच्या घरी जेवतात.) ही निने तुर्की मुलखातल्या सिवासकडच्या डोंगराळ गावातून तरुणपणी इकडे ब्रॉडमेडोजला आली, आयुष्यभर कारखान्यात गाड्यांच्या सीटा शिवल्या, आणि गाववाल्यांपैकी कोणी गेलं की मयतापाशी बसून त्याच्यावर विलाप गायली. पाठ केलेलं गाणं नव्हे. माणूस कसा होता ते घरच्यांना विचारायचं आणि जागच्या जागी त्याचं गाणं बांधायचं. तिच्या गावाकडे आता हे येणारी एकही बाई उरली नव्हती. तिथल्या पोरी मयताला मोबाईल लावतात, असं निने सांगायची आणि जमिनीकडे बघून थुंकल्यासारखं करायची.

दीक्षाकडे निनेचं सगळं होतं. पोळ्या लाटताना निने, लोकर पिंजताना निने, पुतणीच्या मेंदीत नाचताना निने. विलाप तेवढा नव्हता. कारण निनेचा नियम: मयत नाही तर विलाप नाही. दीक्षाने खरी मयतंही गाठून पाहिली. एका घरच्यांनी कॅमेरा दारातूनच परत पाठवला. दुसऱ्या घरच्यांना कॅमेरा इतका आवडला की सगळे रडायचे थांबून केस सारखे करायला लागले.

आणि आता सोमवारी निनेच्या घशाचं ऑपरेशन होतं. आवाजाची पेटीच काढणार होते. आज शनिवार.

हे सगळं दुपारी वरणभातावर बोलून झालं, दीक्षाने ताट पुढे सरकवलं, आणि रामभाऊ म्हणाले, "मी होतो की मयत."

"बाबा, जोक नका करू," रवींद्र म्हणाला. रवींद्र त्यांचा मुलगा, आयटीत. जोक हा प्रकार तो आधी कॅलेंडरमध्ये टाकून मग करायचा.

एमरेने निनेला ते तुर्कीत सांगितलं. निने उठली, रामभाऊंच्या भोवती एक फेरी मारली, वांगं दाबून पाहावं तसा त्यांचा दंड दाबून पाहिला, आणि काहीतरी बोलली.

"शी सेज, ही विल डू," एमरे म्हणाला.

अट एकच होती. मेलेल्याने मेल्यासारखं राहायचं. बोलायचं नाही, हलायचं नाही, मग तिच्या लेखी तो मेलेलाच. पण एकदा तिने सूर लावला आणि मयत उठलं, तर संपलं. एका माणसावर ती दोनदा रडत नाही.

रामभाऊ का तयार झाले, हे कोणी विचारलं नाही. नात तीन वर्षं दुसऱ्याच्या आजीच्या तोंडापुढे माइक धरून बसली होती. स्वतःच्या आजोबाच्या तोंडापुढे तिने आजवर फक्त थर्मामीटर धरला होता. तिच्या कॅमेऱ्यात शिरायला मरण ही एकच वाट मोकळी दिसत होती, तर रामभाऊ म्हणाले, चला.

टेक पहिला चादरीने खाल्ला. शोभाच्या, म्हणजे रामभाऊंच्या सुनेच्या कपाटात पांढरी म्हणून एकच चादर निघाली, ती चारी कोपऱ्यांना इलॅस्टिकवाली. पायाकडून ओढली की डोक्याकडून सुटायची, डोक्याकडून ओढली की पाय उघडे. शेवटी चारी कोपरे खाटेखाली अडकवले, तेव्हा सटकन आवाज होऊन खाट दोन्हीकडून मिटली आणि आत रामभाऊ, पानात तंबाखू तसे. ते बाहेर काढेपर्यंत निने शांतपणे खुर्चीवर बसून होती. तिने सूर लावला नव्हता, म्हणून मयत उठलं असं धरलं नाही.

टेक दुसरा सुनेने खाल्ला.

"एक फोटो काढते हं," शोभा म्हणाली होती. "ग्रुपवर टाकते. बाबांचं शूटिंग." फोटो तिने टाकला. खाली दोन शब्द लिहायच्या आत गल्लीत आइस्क्रीमची गाडी टिंगटिंग करत आली, दीक्षा "साउंड! साउंड!" करून ओरडली, शोभा शटर ओढायला धावली आणि फोन राहिला इस्त्रीच्या टेबलावर. 'साळवे परिवार'मध्ये, जगातल्या बेचाळीस साळव्यांसमोर, नुसते रामभाऊ गेले. आडवे, पांढऱ्या चादरीत, एका शब्दाविना.

फोन थरथरायला लागला तो थांबेना.

"भावपूर्ण आदरांजली," शोभाने वाचलं. "भावपूर्ण आदरांजली. भावपूर्ण... अगं बाई."

"डिलीट कर!" रवींद्र ओरडला.

"आता डिलीट केलं तर काय म्हणतील? मेल्यावर फोटोसुद्धा ठेवला नाही?"

"वाच गं वहिनी, काय काय लिहिलंय," प्रतीक्षा म्हणाली. प्रतीक्षा धाकटी, रवींद्रची बहीण, कॅनबेराला सरकारी नोकरीत. लाँग वीकेंडला तिथल्या गुंगालिनहून गाडी चालवत आली होती, बाबांना घेऊन जायला किंवा घेऊन न जायला, त्यावर अजून चर्चा व्हायची होती.

"सगळं तेच आहे. फुलं, मेणबत्त्या, हात जोडलेले. हा बघ शैलेंद्र. 'कालकथित सुमनबाईंच्या आत्म्यास शांती लाभो.'"

"सुमनबाई कोण?"

"मागच्या मयताचा मेसेज उचललेला दिसतोय."

चादरीखाली रामभाऊंना सुमनबाईंचं काही वाटलं नाही. पण आत्मा? बौद्धाच्या पोराने आत्मा लिहिला? उभं आयुष्य घरोघर मयताशी उभं राहून सांगितलं त्याचं हे झालं? उठून बसावं आणि त्या शैलेंद्रला झाडावा, असं त्यांच्या फार मनात आलं. पण मयत होते. गप्प राहिले.

तेवढ्यात खडकीहून पुतण्या नरेंद्रचा फोन आला, स्पीकरवर.

"वहिनी, कसं झालं हो?"

"नरेंद्र, काही झालेलं नाही. शूटिंग चाललंय. बाबा ठणठणीत आहेत."

पलीकडे तो कोणाला तरी "थांबा जरा" म्हणाला.

"म्हणजे आहेत?"

"आहेत."

"बरं बरं. चांगलंच की." त्याच्या आवाजात जितका आनंद मावायला हवा होता तितका मावला नाही. "नाही, विहारात संध्याकाळी सभा ठेवली होती. फ्लेक्सपण छापायला गेला. मोठा सांगितला, चौकात लावायला."

"मग आता?"

"बघतो. ठेवून देतो, तसा वाया नाही जाणार."

प्रतीक्षा फिस्सकन हसली. मग शोभाही हसली, मग दोघी एकमेकींच्या खांद्यावर डोकं ठेवून हसल्या. नणंद-भावजय हसताना रामभाऊंनी पहिल्यांदाच ऐकल्या, आणि तेही आपल्या मरणावर. म्हटलं, काही तरी उपयोग झाला.

"कॅन वी प्लीज," दीक्षा म्हणाली. तिचा आवाज रडवेला झाला होता. "सगळ्यांचे फोन बंद. आत्या, तुझापण. निने इज टायर्ड. टेक थ्री. आबा, ओके ना?"

रामभाऊंनी उत्तर दिलं नाही. मेलेला कसा देईल?

निनेची काठी फरशीवर दोनदा वाजली. ती खुर्ची ओढून खाटेच्या डोक्याशी आली. तिच्या अंगाला लोकरीचा आणि औषधाच्या गोळ्यांचा वास होता. तिने मयताचा कपडा मागितला, हातात धरायला. शोभाने खुंटीवरचं जॅकेट काढून दिलं. निनेने ते नाकाशी नेलं आणि फेकून दिलं.

"शी सेज इट्स सम अदर मॅन," एमरे म्हणाला.

"ते माझं ऑफिसचं जॅकेट आहे," रवींद्र म्हणाला.

शोभा घरात पळाली आणि रामभाऊंचा बिनबाह्यांचा स्वेटर घेऊन आली. निनेने तो हुंगून मांडीवर घेतला आणि विचारायला सुरुवात केली. ती तुर्कीत विचारी, एमरे इंग्रजीत, नाहीतर दीक्षाकडून शिकलेल्या मराठीत सांगे, आणि उत्तरं त्याच वाटेने परत जात.

काय खायची याची इच्छा राहून गेली?

"शिरा," शोभा म्हणाली. "दर रविवारी करते मी. फार आवडतो."

"वहिनी, बाबांना शिरा आवडत नाही. पुरणपोळी आवडते. माझ्याकडे दोन-दोन खातात."

रामभाऊंना दोन्ही आवडत नव्हतं. त्यांना चुलीत भाजलेले सुके बोंबील आवडत, जे या घरात भाजले की छतावरचा धुराचा अलार्म केकाटायचा. खडकीला बायको गिरिजा भाजायची. आपण बाहेरून आलो की ती न बोलता ताट सरकवायची.

याच्या हाताला कसला वास यायचा?

"ग्रीसचा," रवींद्र म्हणाला. "फॅक्टरीत होते ना."

"मेणबत्तीचा," प्रतीक्षा म्हणाली.

बरोबर, पोरी. रामभाऊंना चादरीखाली बरं वाटलं. वस्तीत कोणीही गेलं की रामभाऊंना बोलावणं यायचं. त्रिसरण पंचशील घ्यायला, मेणबत्त्या लावायला, आणि छाती पिटणाऱ्या बायकांना गप्प करायला. तेच त्यांचं खरं काम, फॅक्टरी नुसती पगाराला.

हा कोणाची वाट बघायचा?

"कोणाची बघणार?" रवींद्र म्हणाला. "सगळे तर इथेच आहोत."

"इथे असले की गुंगालिनची बघतात," शोभा म्हणाली, "आणि गुंगालिनला असले की इथली."

"म्हणजे काय म्हणायचंय वहिनी? मी नीट बघत नाही?"

"मी तसं म्हटलं का? पण थंडीत हीटर रात्री बंद करतेस, हे त्यांनीच सांगितलं."

"दादा, ऐकतोयस ना?"

"शोभा, तिथे थंडी असतेच," रवींद्र म्हणाला. बहीण-भाऊ एका बाजूला झाले. "आणि तुझ्याकडे तरी ते दिवसभर काय करतात? शटर उघडून कचऱ्याची गाडी बघत बसतात."

"माझ्याकडे? म्हणजे तुझे कोण ते? माझेच वडील आहेत का?"

"आई, बाबा, प्लीज," दीक्षा म्हणाली, पण तिने कॅमेरा बंद केला नाही. उलट थोडी वाकून तिने फोकस सरकवल्याची टिकटिक रामभाऊंना ऐकू आली. पोरगी धंद्याला पक्की होती.

"मग तू सांग ना दीक्षा," प्रतीक्षा उसळली. "तुझ्या फिल्मचं मयत आहे. तू सांग काहीतरी आबाबद्दल."

दीक्षाने कॅमेऱ्यामागून डोकं वर काढलं. निनेच्या सासूचं, निनेच्या धाकट्या दिराच्या खेचराचं नाव तिला पाठ होतं.

"ही इज... ही इज रिअली स्वीट," ती म्हणाली.

ते भाषांतर ऐकून निनेने काठी जोरात आपटली आणि बोलायला लागली, ती थांबेना. एमरे खाली बघून सांगत होता. "ती म्हणते, हे मयत नाही, हे सामान आहे. कोणी न्यायचं यावर भांडताय. सामानावर तिला रडता येत नाही."

"निने, प्लीज," दीक्षा म्हणाली. "वन मोर. एकच विचार."

बोंबील, विहार, गिरिजा, सगळं त्यांच्या जिभेवर होतं. दोन वाक्यांत सांगितलं असतं तर म्हातारीचं काम झालं असतं. पण बोलले तर मयत उठलं, आणि न बोलले तर मयत कोणालाच माहीत नाही. असा पेच जिवंतपणी त्यांना कधी पडला नव्हता.

निनेने सुस्कारा टाकला. शेवटचं विचारते, म्हणाली. हा शेवटचा कधी रडला?

"कधीच नाही," प्रतीक्षा लगेच म्हणाली. "आई गेली तेव्हासुद्धा नाही."

"प्रतीक्षा, राहू दे," रवींद्र म्हणाला.

"का राहू दे? बॉर्डर बंद होती, आम्हाला जाता आलं नाही. फोनवर बघितलं सगळं. नरेंद्रने फोन धरला होता आणि बाबा आईच्या उशाशी उभे राहून स्वतः त्रिसरण म्हणत होते. जसं काही शेजारची कोणी बाई गेलीय. मी हंबरडा फोडला तर स्क्रीनकडे वळून मला म्हणाले, रडायचं नाही. सगळं अनित्य आहे. तुझी ड्युटी असेल, जा." ती खाटेकडे वळली. "दगड आहेत बाबा. दगड."

"मी रडत होतो तेव्हा," रवींद्र म्हणाला. "म्यूटवर होतो."

एमरेने हलक्या आवाजात सगळं निनेला सांगितलं, त्याला वेळ लागला. मग निनेने एकच विचारलं.

"व्हॉट वॉज हर नेम?" एमरे म्हणाला.

"गिरिजा," शोभा म्हणाली.

स्वेटरवर निनेचा हात फिरत होता तेवढाच आवाज. मग तिने सूर लावला.

तो सूर गोड नव्हता. घसा तिचा गेलेलाच होता, कुठेतरी चिरलेला, आणि त्या चिरेतूनच आवाज येत होता, आधी बारीक, मग रुंद. रामभाऊंनी वस्तीत शेकडो बायकांचं रडणं ऐकलं होतं आणि एकेकीला हात वर करून थांबवलं होतं. हे रडणं थांबवायला कुठून धरावं ते कळेना. त्याला काठच नव्हता. शब्द तर एकही कळत नव्हता. बरंच होतं ते. परक्या भाषेतलं गाणं, ऐकायचं आणि पडून राहायचं. आबा, हलू नकोस. नाही हलत.

आणि त्या न कळणाऱ्या शब्दांच्या गर्दीतून एक शब्द आला.

गिरिजा.

निने तो तिच्या पद्धतीने म्हणाली, मधलं अक्षर लांबवून. रामभाऊंच्या आयुष्यात ते नाव असं कोणी घेतलं नव्हतं. त्यांनी स्वतः तर नाहीच. ते "अहो ऐकलं का" म्हणायचे, नाहीतर "रवीची आई". त्या दिवशी उशाशी उभं राहून त्यांनी माइकवर सांगितलं ते "कालकथित गिरिजाबाई रामभाऊ साळवे", पूर्ण नाव, पत्त्यासारखं.

पुन्हा गिरिजा.

रामभाऊंनी जीभ दातात धरली. मनातल्या मनात पंचशील म्हणायला घेतलं, पहिल्याच शीलावर अडलं. गवत कापायच्या मशीनचा विचार केला. शैलेंद्रच्या आत्म्याचा विचार केला, राग येऊन तरी निभेल म्हणून. राग येईना. पोट हलायला लागलं. त्याबरोबर खाट कुरकुरायला लागली, अॅल्युमिनियमची, दर हुंदक्याला एक बारीक कुर्र. निनेने दुसरी ओळ घेतली. एवढी होऊ दे, रामभाऊ मनात म्हणाले, कोणाला ते त्यांनाही माहीत नव्हतं, एवढं पोरीचं होऊ दे, मग खुशाल.

आणि त्यांच्या तोंडून आवाज निघाला. माणसाचा नव्हता तो. खडकीत असं कोणी ओरडलं असतं तर रामभाऊच पुढे झाले असते.

सूर अर्ध्या शब्दात तुटला.

गॅरेजात आवाज नुसता रामभाऊंचा. त्यांना थांबता येईना. चादर ओली होऊन नाकाला चिकटली, ती कोणीतरी बाजूला केली, बहुतेक प्रतीक्षाने. समोर सगळे उभे होते आणि कोणाला पुढे कसं व्हायचं ते माहीत नव्हतं. निने काठीवर भार देऊन उठली होती. तिने स्वेटरची घडी घातली, रामभाऊंच्या पायावर ठेवली आणि दीक्षाच्या गालाला हात लावला.

"नो, निने," दीक्षा म्हणाली. "नो नो नो. प्लीज. अगेन. फक्त ती दुसरी ओळ."

निने एमरेशी बोलली.

"शी कान्ट," एमरे म्हणाला. "ती म्हणते, मेलेला रडत नाही. हा जिवंत आहे. जिवंत माणसासाठी तिच्याकडे काही नाही." आणि मग, कोणी विचारलं नसताना, बुटाकडे बघत, "ती गात होती ते... ऊठ गिरिजा, तुझ्या दारात दगड आणून टाकलाय. जरा शेकव त्याला. फार दिवस बाहेर थंडीत राहिलाय."

शोभा तोंडाला पदर लावायला गेली, अंगात टी-शर्ट होता.

रवींद्रने शटरचं बटण दाबलं. एमरेने आजीला धरून गाडीपाशी नेलं. ट्रुगानिनाचं वारं आत शिरलं आणि कोपऱ्यातला टॉयलेट पेपरचा एक गठ्ठा गडगडत ड्राइव्हवेवर गेला, त्याच्यामागे रवींद्र. गाडी निघाली. काचेतून निनेचा पांढरा रुमाल दिसला, मग वळणावर तोही नाही.

"किती मिळालं?" प्रतीक्षाने विचारलं.

दीक्षाने कानाला हेडफोन लावून ऐकलं. दोनदा ऐकलं. "दीड ओळ," ती म्हणाली. "अर्धीवर खाटेचा आवाज आहे."

ती रागावली असती तर रामभाऊंना चाललं असतं. ती रागावली नाही. खाली बसून एकेक वायर गुंडाळायला लागली.

"दीक्षा," रामभाऊ खाटेवरून म्हणाले. डोळे गळत होते, ते पुसायचं त्यांच्या लक्षात येत नव्हतं. "बोलव त्यांना. फोन कर एमरेला, लांब गेले नसतील."

"आबा, इट्स ओके."

"आता नाही रडत मी. खरंच नाही." हुंदका आला तो त्यांनी गिळला, तर दुसरा आला. त्यांनी चादर स्वतःच गळ्यापर्यंत ओढली, पाय जुळवले, हात अंगाला लावून सरळ केले आणि डोळे मिटले. "चालू कर गं पोरी. या खेपेला नीट मरतो."

दीक्षा वायर गुंडाळत राहिली.